चौदावं कलम

२१ ऑक्टोबर, सोमवार

सकाळी हाइकेचा फोन आला. आमच्या भागातलं महिला केंद्र ती चालवते. मी तिथे मंगळवारी आणि शुक्रवारी पुस्तकं लावायला जाते. तिने एकदम विचारलं, "मैथिली, चाकण कुठे आहे?"

स्टुटगार्टच्या बाईच्या तोंडून चाकण ऐकून गंमत वाटली. मग तिने सगळं सांगितलं. चाकणजवळच्या एका कारखान्यातून दोन कामगार बायका शनिवारी इथे येतायत. गाडीच्या आत वायरींचे जाड गुच्छ असतात, ते तिथे बांधले जातात, सगळं काम बायकांच्या हातांनी. तिथल्या पाच जणींना कामावरून काढलंय, या दोघी त्यांतल्याच. त्यांचं म्हणणं इथल्या मुख्य ऑफिसने ऐकून घ्यावं म्हणून हाइकेच्या संस्थेने दोघींना बोलावलंय. पाच नोव्हेंबरला बैठक आहे. दोघींनाही मराठीशिवाय फारसं काही येत नाही. दुभाषी हवी.

मी म्हटलं, श्रीपादला विचारून सांगते.

हाइकेने विचारलं, "का? तोही भाषांतर करणार आहे का?"

मला हसू आलं. तिला आपल्याकडची पद्धत कळत नाही. शिवाय कुहूच्या शाळेला पुढच्या आठवड्यात शरदाची सुट्टी, स्वयंपाक, सगळंच बघावं लागतं.

कारखाना क्रेस्लिंगरचा आहे हे तिने शेवटी सांगितलं. श्रीपाद अकरा वर्षं क्रेस्लिंगरमध्ये आहे, हे मी तिला सांगितलं नाही.

संध्याकाळी श्रीपादच्या कानावर घातलं. तो ओरडला वगैरे नाही, तो कधीच ओरडत नाही. "करायचं तर कर, पण विचार कर," एवढंच म्हणाला, आणि जेवताना फोन बघत बसला. उद्या हाइकेला नाही म्हणून कळवते.

२२ ऑक्टोबर, मंगळवार

नाही म्हणायला गेले आणि हो म्हणून आले.

हाइके म्हणाली, तू नसशील तर हरकत नाही, म्युन्शेनचा एक गृहस्थ आहे, हिंदीवाला, त्याला विचारते. आणि बोलता बोलता तिने प्रकरण काय आहे ते सांगितलं. बायकांना शौचालयाला जाऊ देत नाहीत, हे मूळ प्रकरण. मी डोळ्यांसमोर आणलं की दोन बायका एका अनोळखी पुरुषाला हे हिंदीत सांगतायत. म्हटलं, मी करते.

श्रीपादने सगळं ऐकून घेतलं. मग म्हणाला, "आपलं आडनाव तरी कुठे येऊ देऊ नकोस." म्हणजे परवानगी दिलीच म्हणायची. समजूतदार आहे तो. माझ्या मैत्रिणींचे नवरे असते तर घर डोक्यावर घेतलं असतं.

२६ ऑक्टोबर, शनिवार

आज त्या दोघी केंद्रात भेटल्या. ऊर्मिलाताई माझ्याहून थोड्या मोठ्या, सत्तेचाळीसच्या. मूळच्या परभणीकडच्या, नवरा गेल्यावर मुलीला घेऊन चाकणला आल्या, नऊ वर्षं कारखान्यात होत्या. साडीवर हाइकेचं जाकीट घातलेलं, बाह्या बोटांपर्यंत. वैभवी चोवीस वर्षांची, तिथलीच, बारावी झालेली. बोलते कमी, बघते जास्त. ऊर्मिलाताई मला मॅडम म्हणायला लागल्या, मी म्हटलं ताई म्हणा, तेव्हा वैभवी म्हणाली, "आधी काम बघू द्या, मग ताई." मला ते जरा लागलं.

कुहू घरी कंटाळली असती म्हणून तिलाही नेलं होतं. ती कोपऱ्यात मोबाइल घेऊन बसली.

हाइकेने वही उघडली आणि ऊर्मिलाताईंना सांगायला सांगितलं. त्या अगदी स्वच्छ बोलल्या. "अडतीस बायकांच्या लायनीला दोन टोकन. लाल प्लास्टिकचे. टोकन हातात असलं तरच लघवीला जायचं. दोन्ही गेलेले असले की थांबायचं. म्हणून आम्ही पाणीच पीत नव्हतो. ही वैभवी, हिच्या किडनीपर्यंत गेलं, नऊ दिवस दवाखान्यात होती. सुपरवायझरला सांगायला गेलं की सगळ्या लायनीसमोर म्हणायचा, एवढी घाई असली तर डायपर बांधून येत जा, माझ्या पोराचे उरलेत, देऊ का?"

मी जर्मनमध्ये सांगितलं, "त्या म्हणतात की स्वच्छतागृहाची सोय अपुरी आहे, त्यामुळे आरोग्याच्या तक्रारी होतात, आणि पर्यवेक्षकांची भाषा कधी कधी योग्य नसते."

हाइके लिहून घेत होती. कोपऱ्यातून कुहू जर्मनमध्ये म्हणाली, "आई, ती असं नाही म्हणाली. ती डायपर म्हणाली."

हाइकेचं पेन थांबलं. ऊर्मिलाताईंना जर्मनचं अक्षर येत नाही, पण त्या म्हणाल्या, "मला बी तेच वाटायलं होतं. मी एवढं बोलले आणि तुमचं एवढ्यात कसं झालं?"

कुहू मराठी बोलत नाही, सहा वर्षांची झाल्यापासून जर्मनमध्येच उत्तर देते. पण समजतं तिला सगळं. आज कळलं, फारच समजतं.

२७ ऑक्टोबर, रविवार

मी असं का केलं? लपवायचं म्हणून नाही. मला वाटलं चारचौघांत त्यांचीच लाज जाईल. पण त्यांना तर सांगायचंच होतं. त्याच्यासाठी त्या विमानात बसल्या, दोघीही आयुष्यात पहिल्यांदा.

आज पुन्हा पहिल्यापासून केलं. डायपरसकट. हाइकेने एक गोष्ट शिकवली. खरे दुभाषी "ती म्हणते" असं म्हणत नाहीत. समोरची "मी" म्हणाली की आपणही "मी" म्हणायचं. सुरुवातीला जीभ अडखळत होती. मी वायरी बांधते, मला टोकन मिळालं नाही, मी पाणी प्याले नाही.

तासाभराने ऊर्मिलाताईंनी विचारलं, "तुम्ही सारखं सारखं इश्श काय म्हणायलाव?"

मी सांगितलं, जर्मनमध्ये "इश्" म्हणजे "मी."

त्या वैभवीला म्हणाल्या, "बघ गं. आपल्याकडं बाई लाजली की इश्श म्हणती. इथं बाई मी म्हणताना इश्श म्हणती." मग मला हाइकेला ते समजावून सांगावं लागलं, आणि कशी कोण जाणे, पण ती खुर्चीवरून पडेपर्यंत हसली. वैभवीही हसली.

३० ऑक्टोबर, बुधवार

केंद्रात आज तीसेक बायका ऐकायला आल्या होत्या. बहुतेक साठीच्या पुढच्या. एकीने विचारलं, या गरीब बायकांसाठी आम्ही काय करू शकतो. मी "गरीब" शब्द तसाच सांगितला, आता गाळत नाही.

ऊर्मिलाताई म्हणाल्या, "आमच्यासाठी काही करू नका. आमच्याबरोबर करा. आम्हाला सवय हाय." मग त्यांनी गावातली गोष्ट सांगितली. त्या नव्या नवरी असताना गावातल्या बायकांनी दारूचं दुकान बंद करायला मतदान मागितलं होतं. चिठ्ठीवर उभी बाटली आणि आडवी बाटली, आडवी म्हणजे दुकान बंद. सासू त्यांना म्हणाली होती, घरातल्या माणसांना विचारल्याबिगर शिक्का मारू नको. त्यांनी आडव्या बाटलीवर मारला. सासूनेही आडवीवरच मारला होता, ते दोघींना सहा महिन्यांनी कळलं.

मग हाइकेने तिच्या आईचं सांगितलं. १९७७ पर्यंत इथे पश्चिम जर्मनीत कायदाच होता, घरसंसाराला बाधा येत नसेल तरच बायकोने नोकरी करायची. तिच्या आईला टपाल कचेरीत काम मिळालं होतं, वडील नको म्हणाले, संपलं. मला हे ठाऊक नव्हतं. इतकी वर्षं इथे राहून.

ऊर्मिलाताईंनी ऐकून घेतलं आणि म्हणाल्या, "म्हणजे तुमच्यात बी टोकन होतं."

मी ते भाषांतर केलं. मग मागून कोणीतरी म्हणालं, "गेनाऊ." अगदी बरोबर.

उद्या त्यांची पत्रं जर्मनमध्ये करायची आहेत. घरी पोचायला उशीर झाला. श्रीपादने मुगाची खिचडी करून ठेवली होती.

३१ ऑक्टोबर, गुरुवार

काय लिहू.

ऊर्मिलाताईंचं कामावरून काढल्याचं पत्र आज भाषांतरासाठी हातात घेतलं. ते मराठीत आहे. एकशे बारा बायकांच्या सह्यांचा अर्ज घेऊन त्या पाच जणी मॅनेजरकडे गेल्या, म्हणजे कामाची जागा सोडली, म्हणून शिस्तभंग. खाली नियमपुस्तिकेतलं कलम छापलंय.

"कलम १४. पर्यवेक्षकाची परवानगी घेतल्याशिवाय कामाची जागा सोडता येणार नाही. प्रसाधनगृहाच्या वापरासही हा नियम लागू राहील."

प्रसाधनगृह. मला आठवलं, या शब्दापाशी मी अर्धा दिवस अडले होते. शौचालय बरं दिसेना, स्वच्छतागृह सरकारी वाटेना. शेवटी प्रसाधनगृह लिहिलं.

आम्ही इथे आलो त्याच्या पुढच्या वर्षीची गोष्ट. कंपनी चाकणला कारखाना काढत होती आणि श्रीपाद ऑफिसात म्हणाला होता, माझ्या बायकोने पुण्यात जर्मनमध्ये एम.ए. केलंय, ती करेल भाषांतर. कुहू चार वर्षांची होती, झोपली की मी बसायचे. बावीस दिवसांत पूर्ण केलं. ते माझं शेवटचं काम. मी काम सोडलं असं नाही, नंतर जमलं नाही इतकंच.

वैभवी शेजारी बसून बघत होती. म्हणाली, "घटनेतलं चौदावं कलम माहितीये ना ताई? सगळे समान. आम्हाला शिबिरात शिकवलं. आणि कंपनीचं चौदावं हे असं."

तिने आज पहिल्यांदा मला ताई म्हटलं.

१ नोव्हेंबर, शुक्रवार

लक्ष्मीपूजन. इथेही आज सुट्टी, सगळ्या संतांचा दिवस. दोघींना दुपारी जेवायला बोलावलं होतं. श्रीपादला आधी विचारलं, तो म्हणाला, जेवायलाच ना, येऊ देत.

तो छान वागला. चढ चढून त्या दमल्या होत्या, त्याने स्वतः सरबत केलं. बोलता बोलता ऊर्मिलाताईंनी विचारलं, "साहेब, तुम्ही आमच्या कारखान्यात आला होतात का कधी?" कुहूने त्याच्या कंपनीचं नाव त्यांना सांगून टाकलं होतं, खुणांनी आणि गूगलच्या मदतीने. मी घाबरले. पण त्या रागावलेल्या दिसल्या नाहीत.

"चार वेळा," श्रीपाद म्हणाला.

"मग बघितलंय तुम्हाला. वर काचेची गॅलरी हाय, पाहुणे तिथनं बघतात. तुम्ही आम्हाला बघितलंत का?"

श्रीपाद म्हणाला, "निळ्या टोप्या दिसायच्या."

"त्यातली एक मी," त्या म्हणाल्या, आणि करंजी उचलली.

त्या गेल्यावर मी जुना लॅपटॉप काढला. मूळ जर्मन मजकूर अजून आहे. चौदावं कलम काढलं. तिथे परवानगी नाहीच. तिथे शब्द आहे मिटटायलेन. मिटटायलेन म्हणजे कळवणं. जागा सोडताना, शौचालयाला जातानाही, लाइनप्रमुखाला कळवावं. एवढंच. सांगून जा.

परवानगी हा शब्द माझा आहे.

मला मिटटायलेनचा अर्थ ठाऊक नव्हता असं शक्यच नाही, पहिल्या सहामाहीत शिकवतात. घाईही नव्हती. मग कळवणंच्या जागी परवानगी का लिहिलं असेन? बसून खूप आठवलं. त्या दिवसांत काही विशेष चाललेलं नव्हतं. नेहमीसारखंच सगळं होतं.

२ नोव्हेंबर, शनिवार

श्रीपादला दाखवलं. त्याने दोन्ही मजकूर दोनदा वाचले. म्हणाला, "हे कुणालाही सांगू नकोस. तू सांगितलंस की कंपनी काय करेल सांगू? भाषांतराची चूक, आमचा संबंध नाही, असं म्हणून हात झटकेल. त्यात त्या बायकांचंच नुकसान."

हे मला पटलं. त्यांच्या भल्यासाठीच गप्प राहायला हवं.

नंतर तो म्हणाला, "आणि ते काम मी आणलं होतं हेही निघेल." तेही खरंच आहे.

३ नोव्हेंबर, रविवार

दिवसभर भांडी घासली. घासलेली परत घासली.

कुहू स्वयंपाकघरात येऊन उभी राहिली आणि म्हणाली, तू पुन्हा काहीतरी अर्धंच सांगतेयस का? मी म्हटलं, तुला काय कळतंय. ती म्हणाली, या, कळतं. तिचं जर्मन "हो" बोलताना "या", लिहिलेलं मात्र वाचायला आपलं "जा". मला वाटलं ती मला जायला सांगतेय.

४ नोव्हेंबर, सोमवार

गेले आणि सांगितलं. हाइकेच्या स्वयंपाकघरात, चहाचे कप समोर असताना. जर्मन वाक्य वाचून दाखवलं, मग मराठी. म्हटलं, हा शब्द माझा. याच्यावरून तुम्हाला काढलं.

वैभवीचा चेहरा पांढरा झाला. "नऊ दिवस," ती म्हणाली. "नऊ दिवस नळी होती मला. आणि तुम्ही इथे बसून..." वाक्य तिने पूर्ण केलं नाही. उठून बाहेर गेली. खिडकीतून दिसत होती, उतारावर बसस्टॉपपर्यंत गेली आणि तिथल्या बाकावर पाठ करून बसली.

मी ऊर्मिलाताईंना म्हटलं, मी माफी मागते.

त्यांनी कप बाजूला सारला. मग म्हणाल्या, "शब्द तुमचा असल बाई. टोकन तुमचे नाहीत. टोकन कुणीतरी बसून बनवून घेतलेत. रंग ठरवलाय, नंबर घातलेत. परवानगी शब्द नसता तर त्यांनी दुसरा हुडकला असता."

मला रडू आलं. त्या म्हणाल्या, "आता रडत बसू नका. उद्या सांगणार का नाही ते सांगा."

मी श्रीपादचं म्हणणं सांगितलं, की कंपनी याचाच आधार घेईल.

"घेऊ द्या की. पण ते आम्ही ठरवणार. नुकसान आमचं हाय तर ठरवणार बी आम्हीच."

वैभवी तासाभराने आली. माझ्याशी बोलली नाही. ऊर्मिलाताईंना म्हणाली, "सांगू देत. खोटं आपल्या बाजूने पण नको."

५ नोव्हेंबर, मंगळवार

सगळं नीट लिहून ठेवते.

क्रेस्लिंगरचं ऑफिस, तिसरा मजला. त्यांच्या बाजूने तिघं. बोलणारी मुख्यतः एक बाई, डॉक्टर लेन्ट्स, पुरवठादार कारखान्यांमधल्या कामगारांच्या हक्कांचं खातं तिच्याकडे. नम्र, तयारीची. आमच्याकडून हाइके, त्या दोघी आणि मी.

ऊर्मिलाताई वीस मिनिटं बोलल्या. मी "मी" म्हणून बोलत गेले. डायपरचं वाक्य आलं तेव्हा माझा आवाज हलला नाही. त्या तिघांपैकी तरुण माणसाने मान खाली घातली.

मग डॉक्टर लेन्ट्स म्हणाल्या, "आम्हाला फार वाईट वाटतं. पण, म्हणजे, आमच्या नियमांत असं काही नाही. आमचा नियम फक्त कळवायला सांगतो." आणि त्यांनी मूळ कलम टेबलावर ठेवलं.

मी ते मराठीत केलं. मग ऊर्मिलाताईंकडे बघितलं. त्यांनी मान हलवली.

मी म्हटलं, "यापुढचं मी माझं बोलते. मराठी पुस्तिकेतला परवानगी हा शब्द माझा आहे. हे भाषांतर दहा वर्षांपूर्वी मी केलं. माझं नाव मैथिली. चूक माझी आहे आणि मी ती लेखी देते. पण तुमच्याकडे दोन्ही पुस्तिका दहा वर्षं आहेत. कुणी शेजारी ठेवून वाचल्या नाहीत."

डॉक्टर लेन्ट्स यांनी लिहून घेतलं आणि अगदी सौम्यपणे म्हणाल्या, "म्हणजे मुळात ही भाषांतराची चूक."

श्रीपाद म्हणाला होता तसंच. तरी ते वाक्यही मराठीत केलं, ते माझंच काम होतं.

तेव्हा वैभवी बोलली. सकाळपासून पहिल्यांदा. तिने पर्समधून काहीतरी काढलं आणि टेबलावर ठेवलं. लाल प्लास्टिकची चकती, कडेला घासलेली, वर दोन आकडा.

"हे पण भाषांतर आहे का?" तिने विचारलं.

त्या तिघांनी चकतीकडे बघितलं. डॉक्टर लेन्ट्सनी ती उचलून उलटी केली. मागे क्रेस्लिंगरचं चिन्ह उमटवलेलं आहे. "हे काय आहे?" त्यांनी विचारलं, आणि मला पक्कं कळलं की त्यांना खरंच माहीत नव्हतं. ऊर्मिलाताईंनी आत्ताच वीस मिनिटं त्याबद्दल सांगितलं होतं, पण ऐकणं वेगळं आणि हातात येणं वेगळं.

"हे टोकन," वैभवी म्हणाली. "माझ्यापुढे सहा जणी याची वाट बघत होत्या, त्यात माझं मूत्रपिंड गेलं असतं. एक शब्द चुकला म्हणून कुणी साचा करून, चिन्ह ठोकून चकत्या बनवत नाही. ठरवून बनवतात. कुणी ठरवलं ते शोधा. आणि ही बाई," तिने माझ्याकडे बघितलं, "हिने आपली चूक कुणी न विचारता सांगितली. आता तुमची पाळी."

हे सगळं मी "मी" म्हणून जर्मनमध्ये बोलले. "ही बाई" ला मात्र काय करावं कळेना. शेवटी स्वतःकडे बोट दाखवून म्हणाले, ही बाई.

डॉक्टर लेन्ट्स यांनी कागद बाजूला ठेवला. म्हणाल्या, सहा आठवड्यांत लेखी उत्तर देऊ. चकती ठेवून घेऊ का, असं विचारलं. वैभवी म्हणाली, "कळवून ठेवा. पोच द्या." त्यांनी पोच लिहून दिली.

७ नोव्हेंबर, गुरुवार

विमानतळावर सोडून आले. S-बान लोकलमध्ये ऊर्मिलाताई डोंगरावरची घरं बघत होत्या. म्हणाल्या, इथं पाणी वर कसं चढवतात?

वैभवीने निघताना मिठी मारली नाही. हात मिळवला. म्हणाली, "राग अजून आहे, ताई. पण फोन करेन." मला ते मिठीपेक्षा बरं वाटलं.

१८ नोव्हेंबर, सोमवार

श्रीपाद लवकर आला. म्हणाला, जेवणाच्या सुट्टीत विभागप्रमुखाने सगळ्यांसमोर विचारलं, ती दुभाषी तुमची कोण? मी विचारलं, मग?

"म्हटलं, हो. माझी बायको. आणि ते भाषांतर मीच आणलं होतं."

"मग?"

"मग काही नाही. सूप गार झालं."

त्याच्या कंत्राटाचं नूतनीकरण मेमध्ये आहे. तो घाबरलेला आहे, मला दिसतं. तरी त्याने कपाटातून चाकणच्या चार दौऱ्यांच्या टिपणवह्या काढल्या. एकीत त्याने लिहिलं होतं, "लाइनवर पाण्याच्या बाटल्या नाहीत, टेबलं स्वच्छ." तो ते वाक्य पुन्हा पुन्हा वाचत होता. मग त्याने पानाचा फोटो काढून हाइकेला पाठवला. मी सांगितलं नव्हतं.

१३ डिसेंबर, शुक्रवार

उत्तर आलं. टोकन बंद. बाहेरच्या तपासणी पथकाकडून चौकशी. पुस्तिका मागे घेतली. बायकांची निवडून आलेली समिती कंपनी मान्य करणार. पाचपैकी चौघी कामावर परत, वैभवी त्यात आहे. ऊर्मिलाताई नाहीत. त्यांच्यावर "इतरांना चिथावल्याचा" ठपका, तो चौकशीनंतर बघू म्हणे.

फोन केला तेव्हा वैभवीच रडत होती. म्हणाली, ऊर्मिलामावशीशिवाय आम्ही चौघी जाणार नाही असं ठरवलं होतं, मावशीनेच ढकललं. "आत कुणीतरी पाहिजे," असं मावशी म्हणाली.

ऊर्मिलाताईंनी मला विचारलं, चिथावणं याला जर्मनमध्ये काय म्हणतात. मी सांगितलं. त्यांनी दोनदा म्हणून बघितलं. म्हणाल्या, भारी वाटतं ऐकायला.

२९ जानेवारी, बुधवार

शपथबद्ध दुभाषी होण्याच्या वर्गात नाव घातलं. दर गुरुवारी संध्याकाळी, दीड वर्ष. पन्नाशी येईस्तोवर परीक्षा होईल. श्रीपादला सांगितलं की गुरुवारचं जेवण त्याच्याकडे. तो म्हणाला, खिचडीच मिळेल. कुहू म्हणाली, पिझ्झा. ती मराठीत म्हणाली, "खिचडी नको." दोन शब्द, पण बऱ्याच वर्षांनी.

पुस्तिकेचा नवा मराठी मसुदा मी केला आणि चाकणला पाठवला, बायकांनी वाचून मगच पक्का करायचा या अटीवर. एकेचाळीस दुरुस्त्या आल्या. "प्रसाधनगृह" कापून कुणीतरी निळ्या पेनने लिहिलंय, "हे काय असतं? संडास म्हणा."

२४ फेब्रुवारी, सोमवार

चौकशीत ठपका उडाला. ऊर्मिलाताई आजपासून कामावर. श्रीपादचं कंत्राट एक वर्षाने वाढलं, तेही आजच कळलं. दोन्ही बातम्या एकाच दिवशी आल्या, आणि मी आधी कोणती कुणाला सांगितली ते नंतर लक्षात आलं. हाइकेला ऊर्मिलाताईंची. श्रीपादलासुद्धा तीच.

१६ मार्च, रविवार

काल समितीची निवडणूक झाली. आज दुपारी दोघींचा व्हिडिओ फोन, कारखान्याच्या बाहेरच्या टपरीवरून. मागे बायकांची गर्दी, सगळ्यांना स्क्रीनमध्ये यायचं होतं. कुहू माझ्या खांद्यावरून बघत होती.

"हरले," ऊर्मिलाताई म्हणाल्या.

मला समजेना. ज्यांनी सगळं सुरू केलं त्या हरल्या?

"अध्यक्षपद वैभवीला. अठरा मतांनी. मी प्रचारच केला नाही, मला वाटलं निवडूनच येते. ही पोरगी घरोघर हिंडली."

मी वैभवीचं अभिनंदन केलं आणि ऊर्मिलाताईंना वाईट वाटलं का, असं विचारलं.

"वाटलं की. काल जेवले नाही. आज उठले आणि म्हटलं, बरंच झालं. आता भांडायला कुणीतरी मिळालं." त्यांनी कॅमेरा वैभवीकडे फिरवला. वैभवीच्या हातात एक नवी कोरी फाइल होती, ती तिने छातीशी धरली होती. "सकाळी सहाला शिफ्ट लागली. सहा वाजून दहा मिनिटांनी समितीकडं पहिली तक्रार कुणी नेली असेल?"

"कुणी?"

"मीच. बस फाट्यावर सोडती, तिथनं अंधारातून चालत यावं लागतं. बस दारापर्यंत पाहिजे. तर ही मला काय म्हणाली विचारा."

वैभवी हसू दाबत म्हणाली, "मी म्हटलं, अर्ज लिहून द्या, मावशी. रीतसर."

"दिला की लिहून," ऊर्मिलाताई म्हणाल्या. "बावन्न सह्यांनिशी दिलाय."